जिथे कोंबडा वाचला

एव्हेलिओ पोतोय जन्मभर एका पत्त्याशी भांडला, आणि तो पत्ता त्याच्याच घराचा होता. माणसं बायकोशी भांडतात, सरकारशी भांडतात, शेजाऱ्याच्या कुत्र्याशी भांडतात. त्यात कधीतरी जिंकायची आशा असते. पत्त्याशी भांडून कोण जिंकलंय?

माझं दुकान त्याच्या दारासमोर, जरा तिरकं. तांदूळ, साबण, मेणबत्त्या आणि बर्फ विकत मी तिथेच म्हातारी झाले, आणि त्याच्या दारात जे घडलं ते बसल्या जागेवरून पाहिलं. मला कुणी गरीब गाय म्हणत नाही. माझी जीभ तिखट आहे, ती मला आईकडून मिळाली, आणि तिला आवर घालायचं वय आता गेलं. तेव्हा जे झालं ते तसंच सांगते.

आमच्या या मनाग्वा शहरात घराला नंबर नसतो, गल्लीला पाटी नसते. एक खूण सांगायची, मग तिथून किती गल्ल्या तळ्याकडे, किती डोंगराकडे, किती वर, किती खाली. ऊन उगवतं ती बाजू वर आणि मावळतं ती खाली. हे ज्याला समजावून सांगावं लागतं तो इथला नव्हे. खूण उभी असलीच पाहिजे असंही नाही. 'सिनेमा होता तिथून' असं माझी सून सांगते, आणि ती जन्मायच्या आधीच त्या सिनेमाच्या विटा लोकांनी चुली मांडायला नेल्या होत्या. मध्ये एकदा सरकारने गल्ल्यांना आकडे दिले, कोपऱ्याकोपऱ्यावर पत्र्याच्या पाट्या ठोकल्या. थोड्याच दिवसांत त्या पाट्यांवर लोक मासे भाजत होते.

आणि नावं पडतात ती कशावरून? आमच्या वस्तीत एक कोपरा आहे, 'उभ्याउभ्या मेला तिथून'. एक आहे 'गाय वाहून गेली तिथून'. चर्चच्या मागचा 'नवरी परत फिरली तिथून'. सुखाचं नाव पडलेला कोपरा मला एकही माहीत नाही. कुणाचं लग्न धड पार पडलं, कुणाला जुळी झाली, असल्या गोष्टींनी वाट सापडत नाही.

ती परत फिरलेली नवरी म्हणजे आमची पाउला. नवरा चर्चमध्ये आलाच नाही, ही झगा सावरत एकटी घरी आली. आता तिला नातवंडं आहेत. ती त्याच कोपऱ्यावर केळीच्या पानात उकडलेले मक्याचे तामाल विकते आणि स्वतःच ओरडते, "परत फिरलेल्या नवरीचे तामाल घ्या, गरम आहेत, नवऱ्यासारखे थंड नाहीत!" हसली आणि सुटली. एव्हेलिओला हसता आलं नाही, म्हणून तो अडकला. हे मी त्याला तोंडावर सांगितलं होतं. तो म्हणाला, "पाउलाचा फक्त नवरा गेला, डोन्या मेल्बा."

त्याचं असं झालं. नाताळच्या तोंडावरचा तो मोठा भूकंप. एव्हेलिओ तेव्हा बिनलग्नाचा, आई डोन्या त्रान्सितोबरोबर याच कोपऱ्यावर राहायचा. आईचा पाय सुजलेला, ती खाटेला खिळलेली. खाटेखाली एक लाल कोंबडा बांधलेला असे. रविवारी एव्हेलिओ त्याला झुंजीला न्यायचा, पण दाणे तो फक्त म्हातारीच्या हातून खायचा. जमीन हलली आणि सगळी वस्ती रस्त्यावर आली. एव्हेलिओही आला. अंगात चड्डी, काखेत कोंबडा. त्याच्या मागे छप्पर बसलं. आई आत होती.

एव्हेलिओ सांगायचा की आईनेच कोंबडा त्याच्या हातात कोंबला. म्हणाली, आधी याला बाहेर ठेव, मग मला उचल, मला दोन्ही हातांनी तुझा गळा धरावा लागेल. तो उंबऱ्याबाहेर आला, कोंबडा खाली ठेवायला वाकला, आणि वळेपर्यंत सगळं संपलं होतं. पहिलं वर्षभर तो हे भेटेल त्याला सांगत होता. लोक ऐकून घेत, मान हलवत, आणि पाठ फिरली की म्हणत, "मेलेली बाई साक्षीला येत नाही, म्हणून बरंय याचं." खरं असेलही त्याचं. पण पत्त्यात एवढं कुठे मावतं?

नाव दिलं ते त्याच्या सख्ख्या बहिणीने. कासिमिरा त्याच्याहून मोठी, लग्न होऊन पलीकडच्या गल्लीत राहायची. भूकंपानंतर दोनतीन दिवस खायला काही नव्हतं. तेव्हा एव्हेलिओने स्वतः त्या कोंबड्याची मान मुरगळली, आणि कासिमिराने रस्त्यातच तीन दगड मांडून रस्सा केला. अख्ख्या गल्लीने खाल्ला. मीही खाल्ला, मांस जरा चिवट होतं. इतक्यात प्रेतं गोळा करणारा ट्रक आला. ड्रायव्हर विचारू लागला, पोतोयची म्हातारी कुठून न्यायची? सांगणार काय? चर्च पडलेलं, औषधाचं दुकान पडलेलं, सिनेमा पडलेला. शहरात एक खूण शिल्लक नव्हती.

कासिमिराने हातातला वाडगा खाली ठेवला नाही. भावाकडे बोट केलं आणि म्हणाली, "जिथे कोंबडा वाचला, तिथून."

भूकंपानंतरचा आमच्या वस्तीतला तो पहिला पत्ता. ट्रकवाल्याने तो दुसऱ्या ट्रकवाल्याला सांगितला, मदतवाल्यांनी दुधाच्या पावडरीचे डबे त्याच पत्त्यावर आणून टाकले, आणि चर्च पुन्हा उभं राहीपर्यंत ते नाव हाडात मुरलं होतं. माझं घर 'कोंबडा वाचला तिथून पाच पावलं डोंगराकडे' झालं, पाद्रींचं 'एक गल्ली वर'. सगळ्यांना त्या नावापासून दूर जायला थोडी तरी वाट मिळाली. एव्हेलिओचा पत्ता मात्र 'जिथे कोंबडा वाचला, तिथेच'. आईला पुरून कासिमिरा मसायाला राहायला गेली. इथून बसने तासाभराची वाट, पण पुन्हा कधी आली नाही.

एव्हेलिओ वेताच्या झुलत्या खुर्च्या विणायचा. हात चांगला होता. आमच्या गल्लीत संध्याकाळी दारोदार ज्या खुर्च्या निघतात त्या सगळ्या त्याच्या हातच्या, आणि त्यांत झुलत आम्ही बोलायचो ते बरेचदा त्याच्याचबद्दल. तो दारात बसून विणायचा, त्यामुळे पत्ता शोधणारा प्रत्येक जण आधी त्यालाच गाठायचा.

टॅक्सी थांबे. ड्रायव्हर डोकं बाहेर काढी. "काका, कोंबडा वाचला ते हेच का?"

"नाही," एव्हेलिओ वेतावरची नजर न काढता म्हणे. "तळ्याकडे जा, दोन गल्ल्या."

तळ्याकडे दोन गल्ल्यांवर नाला होता. लोक तिथून शिव्या देत परत यायचे. होता होता लोकांनी पत्त्याला शेपूट जोडलं: "जिथे कोंबडा वाचला तिथून एक गल्ली खाली, आणि तिथे खुर्च्या विणत बसलेल्या माणसाला विचारू नका, तो खोटं सांगतो." कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही, हे त्याला कळत नव्हतं असं नाही. पण जित्याची खोड.

त्याने लग्न केलं. एक मुलगी झाली, नुबिया. पोर चालायला लागली आणि बायको निघून गेली. माहेरी म्हणे तिला विचारायचे, कुठे दिलीय गं तुला, आणि तिला सांगता येत नसे. खरंखोटं देव जाणे. एव्हेलिओने पोरीला एकट्याने वाढवलं आणि घरात त्या नावाला बंदी घातली. शाळेत बाईंनी पत्ता विचारला की नुबिया म्हणायची, "माहीत नाही." सगळा वर्ग तिच्या वतीने एका सुरात सांगायचा.

नुबिया वयात आली, कपडे शिवायच्या कारखान्यात लागली आणि तिथे तिला एक मुलगा आवडला. तिपितापा गावचा, चांगल्या घरचा. एका रविवारी मुलगा आईला घेऊन मागणी घालायला येणार होता. नुबियाने त्याला घर सांगितलं ते असं: बस थांब्यावर उतरा आणि खुर्च्या विणणाऱ्याचं घर विचारा. तोंडातून ते नाव निघेना, काय करणार. थांब्यावरच्या लोकांनी मुलाला सरळ कोंबड्याचाच पत्ता दिला आणि टॅक्सीत बसवून दिलं.

एव्हेलिओ सकाळपासून इस्त्रीचा शर्ट घालून दारात बसला होता. हात स्वस्थ राहीनात म्हणून एका खुर्चीचं बूड विणायला घेतलं होतं. टॅक्सी थांबली. मागे मुलगा, शेजारी त्याची आई, तिच्या मांडीवर केकचा खोका.

ड्रायव्हरने डोकं बाहेर काढलं. "काका, कोंबडा वाचला ते हेच का?"

"नाही," एव्हेलिओ म्हणाला. "तळ्याकडे जा, दोन गल्ल्या."

इतक्या वर्षांची सवय, तोंड आपोआप चाललं. मी दुकानाच्या गल्ल्यावरून ओरडले, "अरे एव्हेलिओ, पाव्हणे आहेत ते!" तो उठेपर्यंत टॅक्सी वळली होती. नुबिया आतून अर्धी वेणी हातात धरून पळत आली, रस्त्यात उभी राहिली, आणि धूळ बसेपर्यंत तिथेच उभी होती. नाल्याशी टॅक्सी चिखलात रुतली, बाईंना उतरावं लागलं, केक गेला. तिथल्या बायकांनी त्यांना हसत हसत सगळी गोष्ट सांगितली, कोंबड्यापासून. बाई मुलाला म्हणाल्या, "जो बाप आपल्या घराचा पत्ता खोटा सांगतो, त्याची पोर तुला काय खरं सांगणार?" मुलगा आईचं ऐकणाऱ्यातला निघाला. तो परत आला नाही, आणि पुढे नुबियासाठी दुसराही कुणी आला नाही.

पोर कितीतरी दिवस बापाशी बोलली नाही. मग एकदा जेवताना फक्त एवढंच म्हणाली, "बाबा, 'हो' म्हणायला काय झालं होतं?"

त्याच आठवड्यात एव्हेलिओने कोपऱ्यावर गुलमोहराचं रोप लावलं. गुरांनी खाऊ नये म्हणून माझ्याकडून तेलाचं रिकामं पिंप नेलं, त्याची वरची-खालची झाकणं कापली आणि रोपाभोवती अर्धं जमिनीत गाडलं.

"झाड कशाला?" मी विचारलं.

"सावली पडली की लोक झाडाचं नाव घेतात," तो म्हणाला. "साधी गोष्ट आहे. इतके दिवस सुचली नाही."

खोटं नव्हतं ते. या शहरात पडून गेलेल्या झाडांच्याही नावाने पत्ते चालतात. उन्हाळ्याच्या महिन्यांत नळाला पाणी नसे, तेव्हा तो अंघोळीचं पाणी घमेल्यात साठवून झाडाला घालायचा. झाड वाढलं, पिंपाच्या वर गेलं, छपराच्या वर गेलं. त्याने खाली बाक ठेवला, पाण्याचा माठ ठेवला. आणि जाहीर केलं की जो पत्ता सांगताना 'गुलमोहर' म्हणेल, त्याच्या खुर्चीचं बूड फुकट विणून मिळेल.

लोक काय, फुकट म्हटल्यावर देवाचंही नाव बदलतील. माझ्या तीन खुर्च्या त्या झाडाच्या नावावर विणून झाल्या. त्याच्या दारात 'गुलमोहर' म्हणायचं, घरी आणून टेकलं की 'कोंबडा'. त्याला हे ठाऊक होतं. तरी तो विणत राहिला, कारण त्याचा भरवसा आमच्यावर नव्हता, आमच्या नातवंडांवर होता. आणि तिथे तो बरोबर निघाला. नवीन लोक राहायला आले, नवी पोरं मोठी झाली, त्यांना सावली दिसत होती आणि कोंबडा कुणी पाहिलेला नव्हता. बसचा कंडक्टरसुद्धा ओरडायला लागला, "गुलमोहरवाले उतरा!"

एक दिवस टॅक्सी थांबली. ड्रायव्हर नवा होता. "काका, गुलमोहर म्हणतात तो हाच का?"

एव्हेलिओ ताडकन उभा राहिला. मांडीवरची खुर्ची खाली पडली. "हाच! हाच तो! कुणाकडे जायचंय तुम्हाला? थांबा, मी दाखवतो." आणि तो म्हातारा टॅक्सीच्या पुढे पुढे, मिरवणुकीच्या पुढे चालावं तसा, दोन गल्ल्या चालत गेला. परत आला तेव्हा त्याचा चेहरा बघवत नव्हता, इतका खूश होता. मला त्याचा राग आला. एवढ्याशा गोष्टीसाठी माणसाने एवढं खूश होऊ नये, लोकांच्या डोळ्यांवर येतं.

पिंप त्याने कधी काढलंच नाही. झाड वर फोफावलं, पण मुळांना पसरायला जागाच नव्हती. एका ऑक्टोबरात वादळ आलं आणि शहरभरचे गुलमोहर पडले, त्यात हाही पडला. एव्हेलिओ तेव्हा बाक आत घ्यायला गेला होता. झाड त्याच्यावरच आलं.

पाऊस थांबता थांबता सगळी गल्ली जमली. फांद्यांखालून त्याचं डोकं आणि एक हात दिसत होता. आठदहा जणांनी मोठी फांदी उचलून धरली, नुबिया बापाच्या काखेत हात घालून ओढत होती. तेवढ्यात चिलो ओरडला. हा चिलो म्हणजे आमचा भोंगेवाला. जुन्या गाडीवर कर्णा बांधून मयतीच्या, मासळीच्या, निवडणुकीच्या बातम्या ओरडत फिरतो. आवाज देवाने दिलाय, अक्कल द्यायला विसरला. तो ओरडला, "अरे, आधी कोंबडा बाहेर काढा!"

काय हसले सगळे! मीही हसले, हसू येतं तेव्हा येतं. फांदी धरणारे हसले, त्यांचे हात ढिले झाले, आणि फांदी परत त्याच्या पायावर बसली. तो पाय पुढे कधी सरळ झाला नाही. एव्हेलिओ ओरडला नाही. हसणाऱ्या एकेका तोंडाकडे बघत राहिला.

ज्या पोरांनी ते नाव कधी ऐकलं नव्हतं ती आपापल्या आजीला विचारायला लागली, कोंबडा कुठला गं? त्या संध्याकाळी खुर्च्याखुर्च्यांवरून सगळी गोष्ट नव्याने सांगून झाली. झाडाचं लाकूड लोकांनी चुलीला नेलं. पुढच्या महिन्यात बसचा कंडक्टर ओरडत होता, "कोंबडावाले उतरा!"

एव्हेलिओ खाटेला खिळला तो शेवटपर्यंत. आईसारखाच, पाय सुजलेला. नुबियाने कारखाना सोडला, बापाचं काम हातात घेतलं आणि दारात बसून खुर्च्या विणायला लागली. कुणी पत्ता विचारला तर ती नुसतं बोट दाखवायची. मी अधूनमधून भाताचं ताट घेऊन जायचे, म्हणून मला ठाऊक आहे त्याने पोरीकडे काय मागितलं.

"दोन गोष्टी कर," तो म्हणाला. "मी गेलो की कासिमिराला बोलव. तिने एकदा या घरात पाऊल टाकावं. आणि माझ्या मयतीच्या भोंग्यात ते नाव येता कामा नये. जिवंतपणी पुष्कळ ऐकलं."

"नाही येणार, बाबा," नुबिया म्हणाली.

"शपथ घे."

तिने त्याच्या सुजलेल्या पायावर हात ठेवून शपथ घेतली.

तो एका मंगळवारी पहाटे गेला. नुबियाने त्याला आंघोळ घातली, तोच इस्त्रीचा शर्ट घातला, नाकात कापूस घातला. मसायाला फोन करून आत्याला कळवलं. पलीकडून कासिमिरा एवढंच म्हणाली, "येते." मग नुबिया चिलोच्या दारात गेली. तिने त्याला मजकूर पाठ करायला लावला, आणि म्हणाली, "ते दुसरं नाव घेतलंस तर तुझा कर्णा तुझ्याच घशात घालीन." चिलो मुकाट गाडी घेऊन निघाला. "आमचे शेजारी डॉन एव्हेलिओ पोतोय देवाघरी गेले. अंत्यदर्शन राहत्या घरी, जिथे गुलमोहर होता, तिथेच." आमच्या गल्लीत, खालच्या गल्लीत, थेट बाजाराच्या बस थांब्यापर्यंत.

दुपारपर्यंत घर माणसांनी भरलं. पाउलाने तामाल पाठवले, मी कॉफी आणि मेणबत्त्या दिल्या. सगळे एव्हेलिओच्याच खुर्च्यांवर झुलत होते. जपमाळ झाली, पाद्री येऊन गेले. उकाडा असा की प्रेत फार वेळ ठेवणं शक्य नव्हतं. फक्त कासिमिराची वाट होती. नुबिया शवपेटीशी उभी, नजर दाराकडे.

फोन वाजला. नुबियाच्या मोबाइलचा आवाज बिघडलेला, स्पीकर लावल्याशिवाय ऐकू यायचं नाही. त्यामुळे पुढचं सगळ्यांनी ऐकलं.

"नुबिया? कासिमिरा बोलतेय. बाजारात उतरलेय."

"आत्या, तिथेच थांबा. मी न्यायला येते."

"मला न्यायला नको कुणी. इथे एक भोंगा ओरडतोय. म्हणे गुलमोहर होता तिथे. कुठला गुलमोहर? मी गेले तेव्हा तिथे झाड नव्हतं."

"बाबांनी लावलं होतं, आत्या. वादळात पडलं."

"माझी आई काही झाडाखाली मेली नाही," कासिमिरा म्हणाली. म्हातारीचा आवाज जराही कापत नव्हता. "त्या घराला नाव आहे. मी ठेवलंय ते. भोंग्यावर ते नाव ऐकू आलं तर येईन, नाहीतर मसायाची बस समोर उभी आहे."

"आत्या, तुम्ही यावं अशी त्यांची शेवटची इच्छा होती हो."

"मग बोलाव ना. नावाने बोलाव."

फोन बंद झाला. खुर्च्या झुलायच्या थांबल्या. कुणी खोकलं, कुणी कॉफीत बघायला लागलं. प्रेताला दोन इच्छा होत्या आणि दोन्ही एकदम पुऱ्या होणार नव्हत्या. मला तो सगळा प्रकार असह्य झाला. मी म्हणाले, "सांगून टाक, पोरी. त्याची बहीण येऊ दे. मेलेल्याला काय ऐकू येतंय?"

नुबियाने माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता ही मला घराबाहेर काढणार. ती म्हणाली, "डोन्या मेल्बा, दुकानात कापूस आहे?"

मी रस्ता ओलांडून कापूस आणून दिला. तिने त्याचे दोन बोळे केले, चांगले मोठे, आणि बापाच्या दोन्ही कानांत घातले. वेत खाचेत बसवतात तसे अंगठ्याने आतपर्यंत दाबले. मग पेटीचं झाकण लावलं. खिडकी लावून घेतली, दुसरी खिडकी लावून घेतली. आम्ही सगळे त्या अंधारात घामाने निथळत बसलो. माझी जीभ आयुष्यात पहिल्यांदा टाळ्याला चिकटली होती. मला रडू येत होतं आणि त्या म्हाताऱ्याचाच राग येत होता.

ती बाहेर गेली. चिलोची गाडी एव्हाना कोपऱ्यावर परत आली होती. मी दाराच्या फटीतून बघत होते.

"पत्ता बदल," नुबिया म्हणाली.

"काय म्हणू?"

"तुला ठाऊक आहे काय ते."

चिलोने खाली पाहिलं. "नको गं नुबिया. माझ्या तोंडून नको."

"तुझ्याच तोंडून. मोठ्याने. बाजारापर्यंत गेलं पाहिजे."

तिने आत येऊन दार लावून घेतलं आणि पाठ टेकवून उभी राहिली. बाहेर कर्णा खरखरला. मग चिलो बोलला, एकदा, दोनदा, तीनदा, आणि गाडी बाजाराच्या दिशेने निघून गेली तरी ऐकू येतच होतं. अंत्यदर्शन राहत्या घरी, जिथे कोंबडा वाचला, तिथेच.

थोड्या वेळाने दारावर थाप पडली. काळा पोशाख, हातात पंखा, कासिमिरा एकटीच चालत आली होती. वाटेत तिने कुणालाही पत्ता विचारला नव्हता.